गुंडूची पाटी

"काका, हात लावू नका. तो उठतोय," दुकानवाली बाई म्हणाली.

मिस्त्रींनी पुढे गेलेलं बोट मागे घेतलं आणि पुन्हा मोह नको म्हणून दोन्ही हात पाठीशी बांधून उभे राहिले. कॉम्प्युटरच्या पडद्यावर एक काळी चौकट उघडली होती आणि तिच्यात एक पांढरा ठिपका गोल गोल फिरत होता. तो इतका वेळ फिरला की बाईने तेवढ्यात एका गिऱ्हाइकाला चार्जर विकला आणि त्याच्याशी वॉरंटीवरून वादही घालून घेतला. मग ठिपका विझला आणि त्या चौकटीत चक्क एक फोन उभा राहिला. वर घड्याळ, कोपऱ्यात बॅटरीची खूण, खाली ओळीने चित्रं.

"बॅटरी भरलेली दाखवतोय," मिस्त्री म्हणाले. "आत बॅटरी आहे कुठे?"

"कुठेच नाही. त्याला वाटतंय आपण फोन आहोत. वाटू दे बिचाऱ्याला. आपलं काम होतंय ना?"

या प्रकाराला एम्युलेटर म्हणतात, असं बाईने दोनदा सांगून पाहिलं होतं. मिस्त्रींच्या जिभेला तो शब्द काही केल्या वळेना. त्यांनी त्याचं 'पोटातला फोन' करून टाकलं आणि दोन दिवसांत बाईही तसंच म्हणायला लागली.

मिस्त्री म्हणजे लिफ्टचे मिस्त्री. उभा जन्म इमारतींच्या पोटातल्या अंधाऱ्या विहिरींत उतरून काढलेला माणूस. दोर, कप्पी, मोटर, ब्रेक यांच्याशी त्यांचं घरोब्याचं नातं. पण जिला ग्रीस लागत नाही अशी वस्तू चालते कशी, हे काही त्यांच्या गळी उतरत नसे. तरीही गेला आठवडाभर ते रोज या दुकानात येऊन बसत होते. कारण घरातली पाटी मेली होती.

पाटी म्हणजे गुंडूचा टॅब. गुंडू हा त्यांचा एकुलता एक मुलगा. नाव ठेवलं तेव्हा ते गोंडस होतं. आता ते तिशी ओलांडलेल्या, दाढी करून द्यावी लागणाऱ्या, दारातून मान वाकवून आत येणाऱ्या माणसाला चिकटून राहिलं होतं. गुंडू जन्मापासून एक शब्द बोललेला नव्हता. ऐकायचा सगळं, कळायचंही बरंच, पण तोंडातून निघायचा तो नुसता हुंकार, आणि त्याचा अर्थ आईशिवाय कुणाला लागायचा नाही. शाळेतल्या एका शिक्षिकेने हा टॅब आणि त्यातलं चित्रांचं अॅप दाखवलं, तेव्हा आईने स्वयंपाकघरात जमिनीवर फतकल मारून एकेका चित्राला आपला आवाज दिला. पाण्याच्या चित्रावर बोट ठेवलं की पाटी म्हणायची, "पाणी हवंय मला, पाणी." पंख्यावर ठेवलं की, "उकडतंय गं बाई, पंखा लाव." पाण्याच्या वाक्यामागे भांडं पडल्याचा आवाजसुद्धा आला होता. तो तिने तसाच ठेवला.

ती दोन वर्षांपूर्वी गेली. पाटी मात्र बोलत राहिली. घरात बाई नव्हती, पण बाईचा आवाज दिवसभर पाणी मागत होता. मिस्त्रींची धाकटी बहीण एकदा राहायला आली ती दुसऱ्या दिवशी म्हणाली, "दादा, ते बंद कर. माझ्या अंगावर काटा येतो." मिस्त्री म्हणाले, "तुझ्या अंगावर येतो ना? मग तू घरी जा."

टॅबची पाठ फुगून वर आली तेव्हा मिस्त्रींनी तो फडक्यात गुंडाळून दुकानात आणला. बाईने तो हातात घेतला आणि टेबलावर ठेवताना जरा लांबच ठेवला. बॅटरी कधीही पेट घेईल, म्हणाली. नवीन टॅब घ्यावा तर हे अॅप इतकं जुनं की नवीन टॅब त्याला दारात उभं करत नाही. आणि ते बनवणाऱ्यांनी दुकान कधीच गुंडाळलेलं. मग बाईनेच हा मार्ग काढला. जुन्या टॅबमध्ये होतं नव्हतं ते सगळं ओढून घ्यायचं, आणि कॉम्प्युटरच्या पोटात जुन्या काळातला एक खोटा फोन बसवून त्यात भरायचं.

तिने आता पाटीच्या चित्रावर दोनदा टिचकी मारली. ओळखीचे चौकोन पडद्यावर पसरले. बाईने पाण्यावर बोट ठेवलं.

"पाणी हवंय मला, पाणी," मिस्त्रींची बायको म्हणाली. भांडं पडलं.

मिस्त्री वळून भिंतीवर टांगलेल्या केबली बघू लागले. बाईने हळूच विचारलं.

"काकू?"

"हं."

"हसतायत का मध्ये?"

"तिला हसू आवरायचं नाही. यंत्राशी कसं बोलायचं, म्हणायची."

बाईने पेनड्राईव्हवर बोट आपटलं. "हे बघा, सगळा संसार यावर आहे. कॉम्प्युटरमध्ये काहीही बसवायचं नाही. जिथे जाल तिथे हा लावायचा, या चित्रावर दोनदा टिचकी, की फोन उठला. बंद करताना मात्र आधी पोटातला फोन बंद. तो 'बंद होतोय' म्हणेल, तोवर थांबायचं. मग पेनड्राईव्ह काढायचा. मग कॉम्प्युटर."

"आमच्यात आधी मेन स्विच," मिस्त्री म्हणाले.

"तुमच्यात असेल. इथे तो सगळ्यात शेवटी." मग ती जरा घुटमळली. "काका, टॅब आता पुन्हा चालू होईल असं मला वाटत नाही. एक कॉपी माझ्याकडे ठेवू का? असावी."

"नको."

"मी काय चौकात वाजवणार आहे का?"

"तसं नाही बाई. घरातला आवाज आहे. दुकानात कशाला?"

"मग दुसरा पेनड्राईव्ह आणून द्या. त्यावर काढून देते."

"आणतो," मिस्त्री म्हणाले. आणायचा त्यांचा विचारही होता.

पोटातला फोन पेनड्राईव्हवरच हवा होता, कारण गुंडू आता घरी राहणार नव्हता. मिस्त्रींचं हृदय अर्ध्या ताकदीवर चालत होतं आणि डॉक्टरांनी ते काही आडपडदा न ठेवता सांगितलं होतं. आपल्यामागे गुंडूचं काय, हा प्रश्न नवरा-बायकोने तीस वर्षं पुढे ढकलला होता. आता ढकलायला पुढे जागाच उरली नव्हती. शहराबाहेर अशा मोठ्या मुलांची एक संस्था होती. तिथे जागा झाली होती आणि सोमवारी न्यायचं ठरलं होतं.

संस्थेच्या मॅडम सरळ बोलणाऱ्या होत्या. "काका, ज्यांना आपल्याला काय हवंय ते सांगता येतं त्यांना आम्ही खालच्या हॉलमध्ये ठेवतो. तिथे काम आहे, बाग आहे, माणसं आहेत. ज्यांना सांगता येत नाही ते वरच्या मजल्यावर. माझ्याकडे तेवढे हात नाहीत हो." हॉलमध्ये बोटाने चालणारे कॉम्प्युटर होते, कुणीतरी देणगी दिलेले. त्यांत नवीन काही बसवायला बंदी, आणि टॅब-मोबाईल आत न्यायलाही बंदी. पेनड्राईव्ह मात्र चालेल, म्हणाल्या.

मिस्त्री वरचा मजला बघून आले होते. कठडे असलेल्या खाटा होत्या, स्वच्छ होत्या, आणि खाटेखाटेवर एकेक माणूस छताकडे बघत पडला होता. कुणी रडत नव्हतं. तेच त्यांना सहन झालं नाही. जिना उतरताना त्यांनी मनाशी पक्कं केलं की काय वाटेल ते झालं तरी गुंडू खालीच राहील.

म्हणून घरी तालीम सुरू झाली. बाईने एका बंद पडलेल्या हॉटेलच्या बिलाच्या काउंटरवरचा कॉम्प्युटर उसना दिला होता. कोपरा तडकलेला, पण बोटाने चालणारा. मिस्त्रींनी तो जेवणाच्या टेबलावर मांडला, पेनड्राईव्ह लावला आणि ठिपका फिरू लागला तसे गुंडूला म्हणाले, "थांब हं. उठतोय तो."

पहिल्या दिवशी गुंडू त्या पडद्याच्या मागे जाऊन बघून आला. आपली पाटी या डब्यात कुणी कोंबली, असा त्याचा चेहरा झाला होता. पण आईच्या चित्रावर बोट ठेवल्यावर तो शांत झाला.

ते चित्र म्हणजे तिचाच फोटो होता, आणि त्यावर तिने 'आई' असं म्हटलेलं नव्हतं. गुंडू ते दाबायचा तेव्हा त्याला ती हवी असायची. म्हणून तिने तिथे उत्तरच भरून ठेवलं होतं. "आले रे, आले." ती आत कणीक मळत असली तरी तिचा आवाज आधी त्याच्याकडे पोचायचा आणि मागून हात पुसत ती. आता मागून कुणी येत नसे. पण गुंडूला बहुधा तेवढं पुरत होतं. तो ऐकायचा आणि कामाला लागायचा.

शनिवारी संध्याकाळी मिस्त्री आत गुंडूचे कपडे भरत होते. प्रत्येक शर्टावर नाव शिवायचं होतं. बाहेरून पाटीचा आवाज येत होता. "आले रे, आले." थोड्या वेळाने पुन्हा. मग पुन्हा. आज फारच बोलावतोय, असं त्यांना वाटलं. कपड्यांची पिशवी बघितली असेल, कळलं असेल काहीतरी. ते सुई खोचून उठणार, तेवढ्यात आवाज अडकला.

"आले. आ. आ. आ. आ. आ."

ते धावत बाहेर आले. पडदा थिजला होता. बायकोच्या फोटोवर निळी चौकट तशीच होती आणि तिचा अर्धा तुटलेला आवाज न थांबता, श्वास न घेता, तोच तोच बाहेर पडत होता. गुंडू कानांवर हात दाबून ओरडत होता आणि मागेपुढे झुलत कपाळ टेबलावर आपटत होता. मिस्त्रींनी पडद्यावर बोट मारलं. काही नाही. पुन्हा मारलं. "आ. आ. आ."

लिफ्टमध्ये माणूस अडकला आणि आतून किंचाळ्या ऐकू येऊ लागल्या की मिस्त्री विचार करत नसत. विचार करणारा मिस्त्री माणूस मारतो, असं त्यांच्या उस्तादाने त्यांना पहिल्याच दिवशी शिकवलं होतं. आधी वीज तोडायची; बाकीचं सगळं मग. त्यांचे पाय दाराकडे गेले, हात वर गेला आणि त्यांनी घराचा मेन स्विच खाली ओढला.

घर अंधारलं. आवाज थांबला. पंखा हळूहळू थांबत गेला. मिस्त्री गुंडूजवळ जमिनीवर बसले, त्याचं कपाळ आपल्या छातीशी धरलं आणि "झालं, झालं, थांबलं बघ," म्हणत राहिले. त्यांना त्या वेळी खरोखरच हायसं वाटलं होतं. आपण काय केलं हे त्यांच्या लक्षात यायला बराच वेळ लागला.

रविवारी बाईने फक्त त्यांच्यासाठी दुकान उघडलं. अर्धं शटर वर करून ती आत बसली आणि दुपार टळेपर्यंत पेनड्राईव्हशी झटली. मिस्त्री बाकावर बसून होते, शेजारी गुंडू. जुना टॅब दुकानात ठेवणं धोक्याचं म्हणून बाईने तो कधीच मोडीत दिला होता. ते ती बोलली नाही, आणि मिस्त्रींनीही विचारलं नाही.

शेवटी तिने खुर्ची वळवली. "चित्रं वाचली, काका. सगळी. फोन नवीन उभा केलाय, पाटीही उघडते."

"आणि?"

"आवाज एकाच फाईलमध्ये होते. नेमकी तीच त्या वेळी उघडी होती. वीज गेली आणि..." तिने पुढचं सोडून दिलं. "मी सगळं करून बघितलं. खरंच सगळं."

"माझाच हात," मिस्त्री म्हणाले.

"माझंही चुकलं. तुम्ही नको म्हणालात तरी गुपचूप ठेवायला हवी होती कॉपी."

"नाही बाई. तुम्ही विचारलंत ते बरोबर केलंत."

बायको दुसऱ्यांदा गेली, आणि या वेळी आपण नेली. मिस्त्रींच्या मनात हे इतकं स्पष्ट उमटलं की आपण ते मोठ्याने बोललो की काय, असं वाटून त्यांनी बाईकडे बघितलं. ती चष्मा पुसत होती.

"मी बोलू का?" तिने विचारलं. "बाईचा आवाज असला तर त्याला जरा..."

मिस्त्रींनी गुंडूकडे बघितलं. "परक्या बाईचा आवाज आपल्या आईच्या चित्रातून आला तर तो काय समजेल? नको. मी बोलतो."

तिने माइक त्यांच्यासमोर ठेवला आणि पाण्याचं चित्र उघडून दिलं. मिस्त्री घसा खाकरून पुढे वाकले. जन्मभर ते तळातून आठव्या मजल्यावरच्या माणसाशी बोलत आले होते.

"पाणी हवंय!"

बाहेरचं कुत्रं भुंकायला लागलं.

"काका," बाई म्हणाली, "तहान लागलीय की आग? बंब येईल अशाने."

दोघंही हसले आणि हसताना मिस्त्रींचे डोळे भरून आले. त्यांनी ते बाहीला पुसले आणि पुन्हा सुरुवात केली. पाणी हवंय. पंखा लाव. भूक लागली. पोट दुखतंय. कितीही हळू बोलले तरी ते हुकूम सोडल्यासारखंच यायचं. उभ्या आयुष्यात त्यांनी कुणाकडे काही मागितलं नव्हतं. मागायचं कसं, हे आत्ता या वयात शिकायचं होतं. बायको मागायची. शेजारणीकडे, डॉक्टरांकडे, शाळेत, हसत हसत मागायची आणि घेऊन यायची. मिस्त्री म्हणायचे, तुला लाज नाही वाटत? ती म्हणायची, त्याच्यासाठी मागायचंय, मला कसली लाज?

'बाबा' या चित्रावर तिने "बाबा आले का?" असं भरलं होतं. ते आता कसं म्हणायचं? शेवटी मिस्त्री नुसतं "बाबा" म्हणाले. स्वतःलाच हाक मारताना कसला सूर लावायचा हे त्यांना माहीत नव्हतं. सपाट आलं. बाई म्हणाली, राहू द्या.

बायकोच्या फोटोपाशी ते थांबले. 'आलो' म्हणावं तर ते येणार नव्हते. बाईने वाट पाहिली आणि मग काही न विचारता पुढचं चित्र उघडलं.

घरी आल्यावर त्यांनी पाटी लावून दिली. गुंडूने पाणी दाबलं, बापाचा आवाज ऐकला आणि हात मागे घेतला. त्यानंतर दिवस मावळेपर्यंत त्याने एकाही चित्राला बोट लावलं नाही.

सोमवारी हॉलमध्ये मॅडम होत्या, एक मावशी होत्या आणि भिंतीकडेला पाच-सहा जण कागदी पिशव्या चिकटवत बसले होते. मिस्त्रींनी पेनड्राईव्ह लावला. ठिपका फिरला, फोन उठला, पाटी पसरली. मिस्त्रींच्या कपाळाला घाम आला होता आणि तो हृदयाचा की भीतीचा हे त्यांना सांगता आलं नसतं.

"काय हवंय तुला? दाखव बघू," मॅडम म्हणाल्या.

गुंडूने सगळ्या चित्रांवरून नजर फिरवली आणि आईच्या फोटोवर बोट ठेवलं. काही आलं नाही. त्याने पुन्हा ठेवलं. मग तो वाकला, पडद्याला कान लावला आणि तसाच राहिला. ती दुसऱ्या खोलीत असावी आणि आवाज यायला वेळ लागत असावा, अशी त्याने वाट पाहिली. मिस्त्री बुटांकडे बघत होते.

"काका," मॅडम हळूच म्हणाल्या, "वाईट वाटून घेऊ नका, पण हे..."

"जरा थांबा. पाया पडतो तुमच्या, जरा थांबा."

मॅडम थांबल्या. गुंडूने कान काढला. पडद्याकडे बघितलं, बापाकडे बघितलं, आणि मग त्याचं जाडजूड बोट सावकाश पुढे गेलं.

"पाणी हवंय," मिस्त्रींचा आवाज हॉलभर झाला. पिशव्या चिकटवणारा एक जण दचकून उभा राहिला.

"अगं बाई! आणते रे, आणते," मावशी म्हणाल्या आणि खरंच लगबगीने गेल्या. गुंडूने पेला दोन्ही हातांत धरला आणि सगळं पाणी पिऊन टाकलं.

"ठीक आहे," मॅडम म्हणाल्या. "खालीच राहू दे."

भेटायला मात्र पहिला महिनाभर यायचं नाही, असा तिथला नियम होता. घरचे आले की मुलं रुळत नाहीत, म्हणे. मिस्त्रींनी मान डोलावली. गुंडूला निरोप घेतलेला आवडत नसे, म्हणून त्यांनी त्याच्या डोक्यावर नुसता हात ठेवला, शर्टाची कॉलर नीट केली आणि ते निघाले.

अंगण ओलांडून ते फाटकाशी पोचले तेव्हा हॉलच्या उघड्या खिडकीतून आवाज आला. "पंखा लाव." कुणीतरी काहीतरी बोललं. थोडा वेळ काही नाही. मग स्वच्छ, मोठा, सपाट आवाज आला.

"बाबा."

मिस्त्री उभे राहिले. 'काय रे' म्हणायला तोंड उघडलं होतं, ते त्यांनी मिटलं.

"बाबा." आतून मावशींचा आवाज आला, "येतील हं. येतील. तू बस बघू." पुन्हा, "बाबा."

फाटकावरचा रखवालदार स्टुलावरून उठला. त्याने खिडकीकडे बघितलं, मिस्त्रींकडे बघितलं. "तुमचं काही राहिलं का आत? कुणीतरी हाका मारतंय."

"मुलगा आहे माझा," मिस्त्री म्हणाले. "बोलतोय."

त्यांनी फाटक ओढून घेतलं, कडी नीट बसली का ते हलवून बघितलं आणि रस्त्याला लागले.